दाबकट्ट्यावर बसण्याची नोकरी

"बघा लोकहो, बघा. नवऱ्या मुलाचा काका समोर उभा हाय, हातात पिशवी, डोक्याला फेटा, आन् मुलीचा बाप दगडावर मांडी ठोकून बसलाय. जागचा हलंना. ही पुण्याची रीत."

दौलतकाका ओरडत होते आणि स्वारगेटच्या मागच्या चौकात निम्मं कराड एसटीतून उतरून ते ऐकत होतं. माझ्या मीनलच्या लग्नाचं वऱ्हाड होतं ते. माझा मेहुणा राजू हार घेऊन पुढे झाला, तर काकांनी मान अशी फिरवली की हार फेट्याला अडकून एका कानावर लोंबत राहिला.

"काका, या, बसा," मी बसल्या बसल्या हात जोडले.

"उठून बोला."

"उठता येत नाही."

"पाय गेलेत?"

"पाय शाबूत आहेत. ड्यूटीवर आहे."

"पोरीच्या लग्नादिवशी ड्यूटी? बदली मानूस न्हाई?"

"बदली माणूस आलाय," मी म्हणालो. "तो काय, तिकडं चालतोय."

आता इथं थांबून मला माझी नोकरी समजावून सांगितली पाहिजे. नाहीतर तुम्हीही काकांच्या बाजूनं व्हाल आणि पान उलटाल.

दाबकट्टा म्हणजे काळ्या दगडाची एक लांब फरशी, दोन बुटक्या दगडांवर टेकलेली. तिच्याकडे पाहून कुणी दुसऱ्यांदा मान वळवणार नाही. पण पुणं आहे तिथं आहे ते या फरशीमुळं. मी अतिशयोक्ती करत नाही. ती करायची असती तर मी महाराष्ट्र म्हणालो असतो. टेबलावर कागद आहे आणि डोक्यावर पंखा फिरतोय, अशा वेळी आपण काय करतो? वर पेपरवेट ठेवतो. पुणं हा कागद, कट्टा हा पेपरवेट, आणि पेपरवेटला वजन यावं म्हणून त्याच्यावर मी. कट्टा कुणी बसवला हे कुणालाच ठाऊक नाही. यावर दोन विद्वानांचं भांडण माझ्यासमोर कट्ट्यावरच झालं आणि ते इतकं लांबलं की त्या आठवड्यात मला काही कामच उरलं नाही.

आमच्या खात्याचं नाव स्थैर्य विभाग. ऑफिस एका जुन्या इमारतीच्या जिन्याखाली होतं. माझा हुद्दा 'बैठक कर्मचारी'. सरकारी माणूस नुसता बसून पगार घेतो असं लोक चिडून म्हणतात. माझ्या नेमणुकीच्या आदेशात तेच साध्या शब्दांत लिहिलेलं होतं.

काम सोपं वाटतं ना? करून बघा. नुसत्या वजनानं कट्टा दबत नाही. माझ्या आधी एका हुशार साहेबांनी सिमेंटची पोती रचून पाहिली होती. पोती पर्वतीच्या माथ्यावर सापडली. कट्ट्याला लागतो बिनकामाचा माणूस. बसण्याचे प्रकार असतात. कामासाठी बसणं वेगळं, कुणाची वाट बघत बसणं वेगळं, आणि नुसतं बसणं वेगळं. यातल्या शेवटच्याचाच दाब पडतो. माझी मुलाखत झाली तेव्हा पेंडसे, म्हणजे माझे वरिष्ठ, वीसेक उमेदवारांच्या रांगेवरून फिरत प्रत्येकाला विचारत होते, "काय हवंय?" कुणी म्हणालं नोकरी, कुणी म्हणालं संधी. मला रांगेत मस्त ऊन लागत होतं. मी म्हणालो, "काही नको." पेंडशांनी तिथल्या तिथं बाकीच्यांना घरी पाठवलं.

कट्टा रिकामा राहिला तर काय होतं? सुरुवात बारीक होते. समोरचा दुकानदार गिऱ्हाइकाला "या, बसा, काय दाखवू?" म्हणतो. असं ऐकू आलं की आम्ही धावत सुटायचो. त्यानंतर हडपसरची बस सुटण्याआधीच परत येते. मग चहा कपातून किटलीत जायला लागतो, आणि त्याच्यापुढचं मी पाहिलेलं नाही. पाहिलं असतं तर हा लेख लिहायला हातही राहिला नसता आणि वाचायला तुम्हीही.

आणखी एक गोष्ट. कट्ट्यावर दक्षिणेकडे तोंड करून बसायचं, कात्रजच्या अंगाला. डावी मांडी पूर्व सांभाळते, उजवी मांडी पश्चिम. दोन्ही सारख्या टेकलेल्या हव्यात. एकदा भर दुपारी पेंडशांच्या उजव्या मांडीला मुंगळा चावला. माणूस आहे, उचलली त्यांनी मांडी. त्याबरोबर धायरी सुटली. धायरी तेव्हा गाव होतं, ज्वारीची शेतं होती. ती सगळी सिंहगड रस्त्यावरून घसरत, गाईगुरांसकट, स्वारगेटला येऊन थडकली. एक बाई विहिरीवरून डोक्यावर घागर घेऊन वळली ती थेट बसच्या रांगेत. मागचे गृहस्थ म्हणाले, "बाई, रांग मागून आहे." पुण्यात आश्चर्य वाटायला कुणाला वेळ नसतो. पुढचा अख्खा पावसाळा मी आणि पेंडसे पाळीपाळीनं उजवीकडे भार टाकून धायरी मागे रेटत होतो. पण ती पूर्ण गेली नाही ती नाहीच. लोक म्हणतात, शहर वाढलं. वाढलं वगैरे काही नाही. घसरलं.

तर असे दिवस होते. आणि खरं सांगायचं तर आरामाचे होते. कट्ट्यावर कायम चारपाच पेन्शनर असायचे. ते सकाळी येऊन बसत, कुणाच्या लहानपणी थंडी जास्त होती यावर वाद घालत, आणि शहर घट्ट बसलेलं असे. मी मधूनच घरी जाऊन झोपून यायचो.

मग देशात उदारीकरण आलं. तुम्ही ते पेपरात वाचलंत, मला ते बुडाखाली कळलं. आधी पेन्शनर गेले. मुलं अमेरिकेत गेली, त्यांना मुलं झाली, ती सांभाळायला आजोबांना बोलावणं आलं. आयुष्यभर ज्यांनी स्वतःचा चहा केला नव्हता ते दुपटी बदलायला समुद्रापार गेले. जे राहिले त्यांना शेअरबाजार चावला; ते कट्ट्यावर बसायचे, पण डोळे भावांच्या पानावर. असल्या बसण्यानं कट्टा दबायचा सोडून खाजवल्यासारखा थरथरायचा. त्यात मोबाइल आले. मोबाइलवर बोलणारा माणूस बसलेला दिसतो, पण तो तिथं नसतोच. रिकामटेकडा माणूस पुण्यातून डोळ्यांदेखत नाहीसा झाला, आणि कुठल्याही पेपरात त्याच्यावर अग्रलेख आला नाही.

कट्ट्याच्या मागे काचेची इमारत उठली, सॉफ्टवेअर कंपनीची. एके दिवशी तिथली ऋचा नावाची मुलगी आली. माणसांना आनंदी ठेवणं हे तिचं कंपनीतलं काम. मला वाटलं, ही आपल्याच खात्यातली.

"काका, हा बेंच पब्लिक आहे ना? आमच्या टीमला जरा रिलॅक्स व्हायचंय."

"बसा की. फक्त काही करू नका."

"म्हणजे मेडिटेशन?"

"तेही नको."

"मग आउटकम काय?"

"पुणं राहतं."

"ओके, कूल," ती म्हणाली आणि गळ्यात पट्टे घातलेली दहाबारा मुलं घेऊन आली. मुलं गुणी, शिस्तीची. बोर्डाच्या परीक्षेला बसल्यासारखी बसली. क्षणभरात मला कळलं की कट्टा वर उचलला जातोय. प्रत्येकाच्या डोक्यात काहीतरी गरगरत होतं. एकानं हळूच लॅपटॉप उघडला आणि समोरचा दुकानदार मला ऐकू येईल अशा आवाजात म्हणाला, "चहा घेणार का थोडा?" त्याचं गिऱ्हाईक घाबरून चपला टाकून पळालं.

"सगळे उठा," मी म्हणालो. "तुम्ही बसल्यावर जास्तच उडतंय."

"सॉरी काका," ऋचा म्हणाली. "रिलीज आहे ना, ती डोक्यात चालूच राहते. पुढच्या क्वार्टरला ट्राय करू या."

पेंडशांनी याच काळात स्वेच्छानिवृत्ती घेतली आणि मुलाकडे कॅलिफोर्नियाला गेले. खात्यानं त्यांची जागा भरली नाही. उरलो मी. माझी बायको शालन डबा घेऊन यायची आणि मी जेवेपर्यंत शेजारी टेकायची, पण तिच्या डोक्यात घर चालू, तिचा दाब शून्य. वर तिनंच विचारायचं, "एवढं काय धरून बसलाय? जगात बाकीच्या गावांना दगड आहेत का?" असतील, मी म्हणायचो. त्यांचे बसणारे लेख लिहीत नाहीत एवढंच.

आमची मीनल हडपसरला एका कंपनीत टेस्टिंगला होती. तिला माझी नोकरी बरोबर कळायची. म्हणायची, "बाबा, मी सिस्टीम पाडायचा पगार घेते, तुम्ही ती पडू नये म्हणून. आपलं घर बॅलन्स आहे." तिथंच तिला प्रशांत भेटला. कराडचा मुलगा, वडील लहानपणी वारलेले, काकांनी वाढवलेला. काका म्हणजे एसटीतले निवृत्त वाहतूक नियंत्रक, दौलतकाका. ज्यांच्या शिट्टीशिवाय स्टँडातून चाक हलत नसे, आणि ज्यांना पाहून ड्रायव्हर-कंडक्टर विडी टाकून उभे राहत, असे. लग्न हडपसरच्या हॉलमध्ये, दुपारच्या आत. प्रश्न एकच होता. मी उठलो तर पुणं जातं. नाही उठलो तर लेकीचं लग्न बापाशिवाय लागतं.

देवासारखे पेंडसे आठवडाभर आधी अमेरिकेहून आले. मी त्यांना म्हणालो, "साहेब, एक सकाळ बसा." ते म्हणाले, "अरे गायकवाड, त्यात काय. आयुष्यभर दुसरं केलं काय?" मी निश्चिंत झालो. नवा पांढरा सदरा शिवला.

लग्नाच्या सकाळी पेंडसे आले ते पायात पांढरे फुगीर बूट घालून. कट्ट्यावर बसले. लगेच उठले. पुन्हा बसले, मनगटावरचं काहीतरी दाबलं, पुन्हा उठले.

"काय झालं?"

"बसवत नाही रे. तिकडे सून रोज चालायला लावायची. आता पाय थांबतच नाहीत. बसलं की वाटतं, आपण मरायला लागलोय."

ज्या माणसानं मला बसायला शिकवलं तो माझ्या डोळ्यांसमोर कट्ट्याभोवती प्रदक्षिणा घालायला लागला. अमेरिकेनं आपले इंजिनिअर नेले, त्याचं मला एवढं वाईट वाटलं नव्हतं. आणि त्याच वेळी कराडची एसटी आली.

तर दौलतकाका ओरडत होते.

"काका," मी सगळं सांगून टाकलं, "मी उठलो तर शहर जागेवर राहणार नाही."

काकांनी सगळ्या चौकाकडे एक नजर टाकली. "पुण्याची मानसं कारणं चांगली देत्यात असं ऐकून हुतो," ते म्हणाले. "बरं. तुमी उठत न्हाई ना? मग मी बी उठत न्हाई." आणि पिशवी मांडीवर घेऊन ते कट्ट्याच्या दुसऱ्या टोकाला बसले.

मंडळी, मी उभ्या जन्मात असं बसणं पाहिलं नाही. फरशी कचकन खाली गेली. चौकातला सिग्नल, जो बसवल्यापासून पिवळा होता, तो हिरवा झाला. दुकानदार गिऱ्हाइकावर खेकसला. लांबवर कुठंतरी बंद पडलेलं घड्याळ टोले द्यायला लागल्याचं मी ऐकलं. माझ्या लक्षात आलं: पुण्यात रिकामा माणूस संपला, पण रुसलेला माणूस अजून मिळतो. आणि रुसलेल्यासारखं बिनकामाचं कुणी नसतं.

खात्री करायला मी विचारलं, "काका, काय हवंय?"

"कायबी नको."

मी उठलो. खरंच उठलो. पुणं जागच्या जागी. पेंडसे चालता चालता थबकले आणि त्यांनी टाळी वाजवली.

मी चपला शोधतोय तोवर राजूचा मोबाइल वाजला. त्या काळी आलेल्या फोनलाही पैसे पडायचे, म्हणून राजू उचलू की नको करत होता. हॉलवरून प्रशांत होता.

"काका आले का?"

"आलेत. रुसलेत."

"ते आल्याशिवाय मी हार घालणार नाही."

राजूनं फोन काकांच्या कानाशी धरला, ज्या कानावर हार लोंबत होता त्याच्याच. काका म्हणाले, "घाल की हार. माझी काय गरज हाय? मी हितंच बरा." आणि आणखी घट्ट बसले. डोळे मात्र त्यांनी पुसले. त्यांना वाटलं कुणाचं लक्ष नाही.

आता बघा माझी गत. काका गेले तर मला बसायला हवं. मी गेलो तर काका इथं. दोघांतला एकच हॉलवर पोचणार, आणि दोघांशिवाय लग्न अडलेलं. कराडची माणसं काकांची समजूत घालायला पुढे सरसावली, तर त्यांनाही मला अडवावं लागलं. लेकीच्या लग्नात व्याह्याचा रुसवा जपणारा मी पहिलाच बाप असेन.

फोनवर मीनल आली. "बाबा, काकांना उठवू नका. तुम्हीही येऊ नका."

"अगं, मग लग्न?"

"धायरीच्या वेळी पेंडसेकाकांनी केलं तसं करा."

"तो अपघात होता. आणि तेव्हा ते एकटे होते म्हणून इतकं घसरलं."

"तेच म्हणतेय. आता काका आहेत की धरून. बाबा, मी रोज हेच करते. नीट धरून बिघडवलं की परत नीट करता येतं."

मी काकांच्या शेजारी जाऊन बसलो. दोन्ही हातांनी कड धरली. "काका, हलू नका हं," मी म्हणालो.

"मला सांगू नका," काका म्हणाले. यापेक्षा चांगलं उत्तर मला नको होतं.

मी डावी मांडी उचलली. जराशीच, कागद सरकवता येईल एवढी.

आधी भाजी मंडईतल्या कोथिंबिरीचा वास आला. मग फातिमानगर आणि वानवडी छत्रीसारखी मिटली. मग सनई ऐकू आली, आणि सोलापूर रस्त्यानं, ट्रक, रिक्षा, उसाच्या गाड्या, काचेच्या इमारती आणि त्यांच्या खिडक्यांना नाकं लावलेली मुलं, असं सगळं हडपसर शांतपणे सरकत आलं आणि चौकाच्या पलीकडे उभं राहिलं. हॉलचं दार बरोबर कट्ट्यासमोर. मागच्या इमारतीतून ऋचा धावत बाहेर आली. "काका, आमची दुसरी ब्रँच इथं कशी आली?" "क्वार्टर संपला," मी म्हणालो. हडपसरच्या बसमधले लोक एकही थांबा न घेता उतरले आणि कंडक्टरशी पूर्ण तिकिटावरून भांडायला लागले.

लग्न दारातच लागलं. पांढरी साडी नेसलेली मीनल आणि शेजारी प्रशांत, मागे शालन, पदर डोळ्यांना लावून माझ्याकडे रागानं बघत. भंतेजींनी एकदा वर पाहिलं, सरकलेल्या हडपसरावरून नजर फिरवली, सगळं अनित्यच आहे अशा चेहऱ्यानं खाली पाहिलं आणि त्रिशरण सुरू केलं. आम्ही दोघे व्याही कट्ट्यावरूनच म्हणत होतो. फुलं टाकायची वेळ आली तेव्हा माझी मांडी वरच होती, दोन्ही हात कड धरून होते. माझ्या वाटची फुलं काकांनी टाकली. हे मात्र त्यांनी न सांगता केलं.

संध्याकाळपर्यंत मी डावीकडे भार देऊन हडपसर मागे लोटलं. थोडं राहिलंच, ते तुम्हाला दिसतंय. खात्यानं मला विचारलं नाही, कारण जिन्याखालचं ऑफिसही तोवर कुठं सरकलं होतं ते त्यांना सापडत नव्हतं. आता मी निवृत्त आहे. माझ्या जागी एक तरुण आहे, मोठ्या पगाराची कंपनी सोडून आलेला. त्याला कशाचाही कंटाळा येत नाही, कारण त्याला कशातही रस नाही. फार चांगला बसतो. मला मात्र घरी खुर्चीत बसलं की कशाचा दाब पडत नाही, आणि ते थोडं लागतं.

त्या दिवशी लग्न लागल्यावर शालननं आम्हा दोघांची ताटं कट्ट्यावरच आणून दिली. काका मन लावून जेवत होते. मी म्हणालो, "काका, लेकीच्या बापाला उठता आलं नाही, हे खरं. पण आपल्यासाठी अख्खं हडपसर उचलून दारात आणलं. आता तरी राग सोडा."

काकांनी बुंदीचा घास संपवला, समोरच्या हॉलकडे पाहिलं आणि म्हणाले, "आनायचंच हुतं तर कराडला आनायचं. आमचा एसटीचा हेलपाटा वाचला असता."